पंजी : ओडिशाच्या घराघरांतील पंचांग

(श्रीक्षेत्र जगन्नाथपुरीच्या यात्रेस जाणाऱ्या भाविकांसाठी अभ्यासलेख)



आपल्या न्यासाच्या भक्तनिवासात वर्षभर निरनिराळ्या प्रांतांतील यात्रेकरू मुक्कामास असतात. काही वर्षांपूर्वी त्रिपुरी पौर्णिमा होऊन दोन-तीन दिवस झाले असताना ओडिशातील एक कुटुंब येथे उतरले होते. त्यातील वृद्ध मातोश्री बुधवारी सायंकाळी मुलास घेऊन कार्यालयात आल्या. दुसऱ्या दिवशी गुरुवार होता. खोलीच्या उंबऱ्याशी तांदळाच्या पिठाने लक्ष्मीची पावले काढण्याची अनुमती, धान्य मोजण्याचे एखादे माप आणि ओंजळभर नव्या साळी एवढेच त्यांचे मागणे होते. त्यांचा मार्गशीर्षातील पहिला गुरुवार होता.

प्रस्तुत लेखकाने भिंतीवरील पंचांग पाहिले. कार्तिक वद्य पक्ष चालू होता. “माताजी, मार्गशीर्ष लागायला अजून अवकाश आहे. आपला महिना चुकला,” असे त्यांना सांगितले. मुलाने ते ओडिया भाषेत समजावले. त्या वादास उभ्या राहिल्या नाहीत. पिशवीतून कापडात गुंडाळलेली एक जाडसर पुस्तिका त्यांनी काढली, पान उघडले आणि एका ओळीवर बोट ठेवले. मग शांतपणे काही बोलल्या. मुलाने सांगितले, “बाबू, आई म्हणते, पंजीत मार्गशीर्षच लिहिला आहे. लग्न होऊन आल्यापासून हा गुरुवार तिने कधी चुकवलेला नाही.”

चूक त्यांची नव्हती, आमच्या पंचांगाचीही नव्हती. चूक होती ती आपलीच मोजणी सर्वत्र चालते असे धरून चालणाऱ्या आमच्या उत्तराची. त्या रात्री अन्नछत्राच्या कोठीतून एक मापटे व साळी त्यांना देण्यात आल्या आणि सकाळी खोलीच्या दारात सुरेख पावले उमटलेली सर्वांनी पाहिली. पुढे त्यांच्या मुलाने आठवणीने एक पंजी कार्यालयास पाठवली. तिच्या अभ्यासातून व पुरीच्या यात्रेतून जे उमगले, ते भाविकांच्या माहितीसाठी येथे क्रमाने देत आहोत.

पंजी म्हणजे काय?

आपण ज्यास पंचांग म्हणतो त्यास ओडिया भाषेत ‘पंजी’ किंवा ‘पंजिका’ म्हणतात. तिथी, वार, नक्षत्र, योग आणि करण ही कालाची पाच अंगे दोहोंकडे सारखीच आहेत. छापील पंजीत याखेरीज वर्षफल, त्या वर्षीचा राजा व मंत्री कोणता ग्रह, पर्जन्यमानाचे भाकीत, ग्रहणे, विवाहाचे मुहूर्त, एकादशीचा निर्णय, मंदिरांतील यात्रा व वेश यांच्या तिथी आणि दिवसातील शुभाशुभ वेळा दिलेल्या असतात. माहेंद्र वेळ व अमृत वेळ शुभ, तर वारवेळ व काळवेळ वर्ज्य, ही परिभाषा तेथील सामान्य गृहिणीलाही ठाऊक असते. अंगावर पाल पडल्याचे फल किंवा खना नावाच्या विदुषीच्या नावावर चालत आलेली शेतीची वचनेही पंजीत आढळतात. आपल्याकडे पावसाविषयी सहदेव-भाडळीच्या उक्ती जशा शेतकऱ्याच्या तोंडी असतात, तसेच हे समजावे.

छापखाने येण्यापूर्वी पंजी ताडपत्रावर लोखंडी लेखणीने कोरली जाई. गावचा ज्योतिषी, ज्यास ‘नाहाक’ म्हणतात, तो ती बाळगीत असे. गणित मांडण्यासाठी तो जमिनीवर खडूने आकडे लिही. ‘खडिरत्न’ ही ज्योतिष्यांची पदवी याच खडूवरून आली. ओडिशात मुलाच्या विद्यारंभास ‘खडी छुआँ’, म्हणजे खडूचा स्पर्श, असे म्हणतात. बालक प्रथम तीन वर्तुळे गिरवते व ती ब्रह्मा, विष्णू, महेश यांची मानतात. तेव्हा अक्षर शिकणे आणि काळ मोजणे या दोन्ही गोष्टी तेथील घरात एकाच खडूने सुरू होतात, असे म्हटले तर वावगे ठरू नये.

आज कोहिनूर, विरजा, खडिरत्न आदी नावांच्या पंज्या व दिनदर्शिका घरोघरी दिसतात. महाराष्ट्रात दाते पंचांग आणि १९७३ पासून कालनिर्णय यांनी जे स्थान मिळवले, तेच तेथे यांचे आहे. पुस्तकरूपी पंजी देवघरात आणि दिनदर्शिका स्वयंपाकघराच्या भिंतीवर, अशी बहुधा विभागणी असते.

दोन मोजण्या, एकच चंद्र

त्या मातोश्रींचा मार्गशीर्ष आमच्या आधी कसा आला, हे समजून घेतल्याखेरीज पंजी वाचता येणार नाही. म्हणून हा भाग भाविकांनी सावकाश वाचावा.

महाराष्ट्रात चांद्रमास अमावास्येस संपतो. यास अमान्त पद्धती म्हणतात. आपला महिना शुद्ध पक्षाने सुरू होतो आणि त्यानंतर वद्य पक्ष येतो. ओडिशात व्रतांसाठी पौर्णिमान्त पद्धती चालते, म्हणजे महिना पौर्णिमेस संपतो. तेथे कृष्ण पक्ष आधी येतो व शुक्ल पक्ष नंतर. याचा परिणाम असा की, शुक्ल पक्षात दोन्हीकडे महिन्याचे नाव एकच असते, परंतु कृष्ण पक्षात ओडिशाचे नाव आपल्यापेक्षा एक महिना पुढे असते. आकाशातील चंद्र तोच, तिथीही तीच, फक्त महिन्याचे नाव बदलते. काही उदाहरणांनी हे स्पष्ट होईल.

श्रीकृष्ण जन्माष्टमी : आपल्याकडे श्रावण वद्य अष्टमी, ओडिशात भाद्रपद कृष्ण अष्टमी.
दिवाळीचे लक्ष्मीपूजन : आपल्याकडे आश्विन अमावास्या, ओडिशात कार्तिक अमावास्या.
महाशिवरात्र : आपल्याकडे माघ वद्य चतुर्दशी, ओडिशात फाल्गुन कृष्ण चतुर्दशी.
रथयात्रा : दोन्हीकडे आषाढ शुद्ध द्वितीया.

दिवस एकच असल्याने सणात भेद पडत नाही. भेद पडतो तो ‘अमुक महिन्यातील सर्व गुरुवार’ अशा व्रतांत. सन २०२३ चे उदाहरण घेऊ. त्या वर्षी कार्तिक पौर्णिमा २७ नोव्हेंबरला होती. ओडिशात लगेच मार्गशीर्ष लागला आणि ३० नोव्हेंबर, ७, १४ व २१ डिसेंबर हे चार गुरुवार व्रताचे ठरले. महाराष्ट्रात मात्र अमावास्येनंतर, १३ डिसेंबरला मार्गशीर्ष सुरू झाला व पहिला गुरुवार १४ डिसेंबरचा आला. म्हणजे १४ व २१ डिसेंबर या दोन दिवशी महाराष्ट्रातील आणि ओडिशातील सुवासिनींनी एकाच वेळी महालक्ष्मीचे पूजन केले. मार्गशीर्षातील गुरुवारचे व्रत आपल्याकडेही घरोघरी होते, त्यामुळे हे साम्य मुद्दाम नमूद केले.

आपल्याकडेही पौर्णिमान्त गणनेची खूण शिल्लक आहे. कार्तिकस्नान आणि काकडआरती कोजागिरीपासून त्रिपुरी पौर्णिमेपर्यंत चालते. आपल्या पंचांगाप्रमाणे त्यातील पहिला पंधरवडा आश्विनाचा आहे. तरीही त्यास आपण कार्तिकस्नानच म्हणतो. ओडिशाचा कार्तिक मास नेमका तोच आहे.

याशिवाय ओडिशात सौरमासही चालतो. सूर्य ज्या दिवशी नव्या राशीत प्रवेश करतो, ती संक्रांत आणि तोच तेथे सौर महिन्याचा पहिला दिवस. शेजारच्या बंगालमध्ये महिना सामान्यतः संक्रांतीच्या दुसऱ्या दिवशी सुरू होतो. ओडिया पंजी या सौर व चांद्र अशा दोन्ही मोजण्या एकाच पानावर शेजारी शेजारी मांडते. वर्षारंभ सूर्याप्रमाणे आणि व्रते चंद्राप्रमाणे, असा तिचा व्यवहार आहे.

पणा संक्रांत : नव्या पंजीचे वाचन

मेष संक्रांतीस, साधारणतः १४ एप्रिलच्या सुमारास, ओडिया नववर्ष सुरू होते. या दिवसास महाविषुव संक्रांत अथवा पणा संक्रांत म्हणतात. बेलफळाचा गर, गूळ, केळे, छेना म्हणजे ताजा फाडलेला दुधाचा चोथा, खोबरे आणि मिरपूड घालून केलेले ‘पणा’ नावाचे पेय देवास अर्पण करून सर्वांना देतात. ओडिशात हनुमानाचा जन्मदिवसही याच दिवशी मानतात. आपल्याकडे तो चैत्र पौर्णिमेस असतो.

अंगणातील तुळशीवर या दिवशी बारीक छिद्र पाडलेले मातीचे मडके टांगतात. त्यातून वैशाखभर थेंब थेंब पाणी तुळशीवर पडत राहते. आपल्याकडे उन्हाळ्यात महादेवाच्या पिंडीवर गळती बांधतात, त्याचे स्मरण येथे कोणासही होईल.

याच दिवशी नव्या पंजीचे वाचन होते. नाहाक किंवा पुरोहित घरी येऊन वर्षफल सांगत असे. गुढीपाडव्यास आपल्याकडे जसे संवत्सरफल ऐकतात, तसाच हा विधी आहे. पाऊस किती, धान्य कसे, कोणत्या राशीस वर्ष कसे, हे सर्वजण ऐकतात. भाकीत किती खरे ठरले याचा हिशेब वर्षाखेरीस फारसे कोणी करीत नाही. एका छपराखालची तीन पिढ्यांची माणसे एकत्र बसून पुढील वर्ष डोळ्यांसमोर आणतात, हेच त्या वाचनाचे खरे फळ होय.

नांगर थांबविणारी ओळ

पंजी ही केवळ पूजेची पुस्तिका नाही, ती शेताचीही आहे. अक्षय्य तृतीयेस शेतकरी ‘अखि मुठी अनुकूळ’ हा विधी करून बियाण्याची पहिली मूठ जमिनीत टाकतो. पुरीत त्याच दिवशी तिन्ही रथांच्या बांधणीस प्रारंभ होतो. एकाच तिथीवर शेतकऱ्याची मूठ आणि सुताराची हत्यारे हलतात, ही गोष्ट मनन करण्याजोगी आहे.

जूनच्या मध्यास मिथुन संक्रांतीच्या सुमारास ‘रज’ पर्व येते. पहिला रज, संक्रांतीचा दिवस आणि शेष रज असे तीन दिवस भूमाता रजस्वला असल्याचे मानतात. या दिवसांत नांगर चालत नाही, खणणे होत नाही. मुली नवी वस्त्रे नेसून झोके घेतात. घरातील स्त्रियांना नित्याच्या कष्टांतून विसावा मिळतो. ‘पोड पिठा’ नावाचा मंद विस्तवावर भाजलेला गोड पदार्थ आधीच करून ठेवतात. चौथ्या दिवशी वसुमती-स्नान होते. त्या वेळी पाट्यास, म्हणजे वाटण्याच्या दगडास, भूदेवी मानून हळदीच्या पाण्याने स्नान घालतात. आपल्याकडे पोळ्यास बैलाच्या मानेवर जू ठेवीत नाहीत, तर ओडिशात रजपर्वात जमिनीच्या अंगावर नांगर ठेवीत नाहीत. पाऊस तोंडावर असताना तीन दिवस काम थांबविणे शेतकऱ्यास सोपे नसते. परंतु पंजीत ती ओळ आहे आणि सारे गाव ती एकाच वेळी पाळते, म्हणून भूमीस आणि घरातील स्त्रीस विश्रांती मिळते.

पश्चिम ओडिशात, संबलपूरकडे, ‘नुआखाई’ हा नव्या धान्याचा सण सर्वांत मोठा. पूर्वी गावोगावी पुरोहित निरनिराळा दिवस काढीत. १९९१ पासून भाद्रपद शुद्ध पंचमी ही सामाईक तिथी रूढ झाली. नव्या तांदळाचा नैवेद्य प्रथम ग्रामदेवतेस, संबलपूरला देवी समलेश्वरीस, ठरलेल्या लग्नावर दाखवतात आणि मग घरातील कर्ता पुरुष सर्वांच्या हाती तो प्रसाद देतो. धाकटे थोरांच्या पाया पडतात, वर्षभरातील रुसवे त्या दिवशी मिटवतात. ही तिथी आपली ऋषिपंचमी आहे. आपल्या माताभगिनी त्या दिवशी बैलाच्या कष्टाचे धान्य वर्ज्य करतात, तर तेथे त्याच तिथीस नांगराच्या कष्टाचे पहिले फळ डोळ्यांस लावून खातात. आचार उलट दिसले तरी दोहोंत कृतज्ञताच आहे.

माप, पावले आणि श्रीया

आता त्या मातोश्रींच्या गुरुवाराकडे वळू. ओडिशात या व्रतास ‘माणबसा गुरुवार’ म्हणतात. ‘माण’ म्हणजे धान्य मोजण्याचे जुने माप. मार्गशीर्षात नवे भात घरात आलेले असते. बुधवारी घर सारवून-झाडून स्वच्छ करतात. तांदूळ वाटून केलेल्या पातळ पिठात बोटे बुडवून अंगणापासून देवघरापर्यंत लक्ष्मीची पावले, कणसे व वेली काढतात. या रेखाटनास ‘झोटी’ म्हणतात. गुरुवारी नव्या साळींनी भरलेले माण चौरंगावर मांडतात व तीच लक्ष्मी मानून पूजा करतात. आपली पायली किंवा मापटे धान्य मोजण्यापुरते असते. तेथे या एका महिन्यात ते देवघरात विराजमान होते.

पूजेनंतर गृहिणी ‘लक्ष्मीपुराण’ वाचते. पंचसखा म्हणून ओळखल्या जाणाऱ्या पाच संतकवींपैकी बलराम दास यांची ही रचना आहे. तिचे कथानक पुरीच्या मंदिरातच घडते. मार्गशीर्षातील गुरुवारी देवी लक्ष्मी नगरात फिरावयास निघते आणि श्रीया नावाच्या अंत्यज स्त्रीचे स्वच्छ अंगण व निर्मळ भक्ती पाहून तिच्या घरी प्रवेश करते. बलभद्र रुष्ट होतात व त्यांच्या सांगण्यावरून जगन्नाथ लक्ष्मीस मंदिराबाहेर घालवतात. पुढे दोघे भाऊ अन्नास मोताद होऊन बारा वर्षे दारोदार हिंडतात. अखेर लक्ष्मीच्याच दारी त्यांना जेवण मिळते. आपल्या घरी जातिभेद राहणार नाही आणि महाप्रसाद सर्वांनी एकत्र ग्रहण करावा, हे मान्य झाल्यावरच ती परत येते.

पंजीतील एक लहानशी नोंद किती मोठा संस्कार वाहून नेते, याचे हे उदाहरण होय. दर वर्षी, ठरलेल्या गुरुवारी, लक्षावधी घरांत स्त्रिया हीच कथा मोठ्याने वाचतात व मुले ती ऐकतात. ज्या घरात स्वच्छता आणि भक्ती असेल तेथे लक्ष्मी जाते, मग ते घर कोणाचेही असो, हे त्यांच्या कानांवर बालपणापासून पडते. महिना पंजीने सांगितला नसता, तर ही कथा वाचण्याची वेळ कोणी ठरवली असती?

याच महिन्याच्या कृष्ण अष्टमीस, म्हणजे आपल्या कार्तिक वद्य अष्टमीस, ‘प्रथमाष्टमी’ असते. त्या दिवशी घरातील पहिल्या अपत्यास औक्षण करतात. मामाकडून नवे कपडे येतात. तांदूळ-उडदाच्या पिठात गूळखोबरे भरून हळदीच्या पानात उकडलेले ‘एंडुरी पिठा’ करतात. कोकणातील भाविकांना आपल्या पातोळ्या आठवाव्यात, इतका हा पदार्थ जवळचा आहे.

मंदिराची पंजी आणि घराची पंजी

पुरीच्या श्रीमंदिरात प्रातःकाळी ‘अवकाश’ नावाचा विधी होतो. देवांचे दंतधावन व आरशातील प्रतिबिंबास स्नान घालण्याचा तो उपचार होय. त्या वेळी खुरी नायक नावाचे ज्योतिषी सेवक देवासमोर त्या दिवसाची तिथी, विधी व उत्सव यांचे निवेदन करतात. जो सर्व काळाचा स्वामी, त्यासही आज काय आहे हे पंजीतून ऐकवले जाते. घरातील आजोबा सकाळी चष्मा लावून पंजी उघडतात, तेव्हा ते हीच सेवा आपल्या घरात करीत असतात.

तिथीविषयी मतभेद झाल्यास मंदिराच्या आवारातील १६ खांबांच्या मुक्तिमंडपात बसणाऱ्या पंडितसभेचे मत घेण्याची परंपरा आहे. ज्या वर्षी आषाढ अधिक मास येतो, त्या वर्षी ‘नवकलेवर’ म्हणजे देवांच्या काष्ठमूर्ती नव्याने घडविण्याचा सोहळा होतो. १९१२, १९३१, १९५०, १९६९, १९७७, १९९६ आणि २०१५ ही त्या सोहळ्याची वर्षे होत. अधिक मास मात्र दोन्ही प्रांतांत एकाच वेळी येतो. २०१५ साली आपल्याकडेही अधिक आषाढच होता.

पंजीत पुरीच्या गजपती महाराजांचे ‘अंक’ही छापलेले असतात. अंक म्हणजे राज्यारोहणापासूनचे वर्ष. नवा अंक भाद्रपद शुद्ध द्वादशीस, ‘सुनिया’ या दिवशी सुरू होतो. ही गणना मोठी मौजेची आहे. १ हा आकडा घेत नाहीत, ६ ने संपणारे आकडे घेत नाहीत आणि १० वगळता शून्याने संपणारेही घेत नाहीत. त्यामुळे राज्याचे पहिले वर्ष २ अंक, पाचवे वर्ष ७ अंक, आणि १९ नंतर थेट २१. ओडिशात जन्मपत्रिकेवर गजपतींचा अंक लिहिण्याची प्रथा आहे. राजसत्ता गेली तरी नवजात बालकाच्या ताडपत्रावर तो अंक येतो, कारण गजपती हे जगन्नाथाचे आद्य सेवक मानले जातात.

आकाशाशी पडताळा

पंजी जुनी म्हणून ती अचूकच, असे तेथील विद्वानांनी कधी मानले नाही, हे आवर्जून सांगितले पाहिजे. शतानंद यांनी इ. स. १०९९ मध्ये ‘भास्वती’ हा गणितग्रंथ रचला. त्यानंतर अनेक शतकांनी खंडपडा संस्थानच्या राजकुलात सामंत चंद्रशेखर (१८३५–१९०४) जन्मले. आधीची अपत्ये वाचली नव्हती म्हणून आईवडिलांनी या बालकास प्रतीकरूपाने एका मुसलमान फकिरास देऊन टाकले होते. त्यावरून त्यांचे नाव ‘पठाणी सामंत’ पडले व ओडिशातील लेकरे आजही त्यांना त्याच नावाने ओळखतात.

पंजीत लिहिलेल्या जागी ग्रह आकाशात दिसत नाही, हे त्यांच्या कुमारवयातच ध्यानी आले. इंग्रजी विद्या नाही, दुर्बीण नाही, अशा स्थितीत त्यांनी बांबू व लाकडाची साधने स्वतः बनवली. त्यांतील ‘मानयंत्र’ हे दोन काठ्यांचे साधे उपकरण प्रसिद्ध आहे. वर्षानुवर्षे रात्री जागून केलेल्या वेधांवरून त्यांनी ‘सिद्धान्तदर्पण’ हा सुमारे २५०० श्लोकांचा संस्कृत ग्रंथ ताडपत्रावर ओडिया लिपीत लिहिला. कटकच्या महाविद्यालयातील प्राध्यापक योगेशचंद्र राय यांच्या प्रयत्नाने तो १८९९ मध्ये कोलकात्यात मुद्रित झाला. पुढे जगन्नाथ मंदिराच्या कालनिर्णयात त्यांच्या गणितास मान मिळाला.

त्याच शतकात महाराष्ट्रात केरो लक्ष्मण छत्रे, व्यंकटेश बापूजी केतकर आणि लोकमान्य टिळक हेही पंचांग आकाशाशी जुळले पाहिजे यासाठी झटत होते. परस्परांपासून इतक्या दूर असूनही दोन्ही प्रांतांतील या मंडळींची श्रद्धा एकच होती. देवाची तिथी चुकू नये म्हणून आकाश पुनःपुन्हा पाहावे, ही ती श्रद्धा. पडताळा घेणे म्हणजे अश्रद्धा नव्हे, हा धडा त्यांच्याकडून घेण्यासारखा आहे.

आजची स्थिती

घरात मूल जन्मले की एकविसाव्या दिवशी ‘एकोइशिया’, म्हणजे नामकरण, विवाहाची बोलणी, गृहप्रवेश, श्राद्धतिथी, या सर्वांस आजही पंजी लागते. कामधंद्यासाठी सुरतच्या यंत्रमागांवर अथवा मुंबई-पुण्यात राहणारी ओडिया कुटुंबे गावाहून येताना नवी पंजी आणतात. आता भ्रमणध्वनीवरही तिथी क्षणात कळते. ही सोय स्वागतार्हच आहे. तथापि, घरी येऊन वर्षफल वाचणारे नाहाक विरळ झाले आहेत. तिथी कळते, परंतु ती सांगणारे आणि ऐकणारे एकत्र बसणे कमी होत चालले आहे, ही खंत त्या मातोश्रींच्या मुलानेही पत्रात व्यक्त केली होती. त्याच्या घरी भ्रमणध्वनी चौघांकडे आहेत, पण गुरुवार आजही आईच्याच पंजीतून ठरतो, असे त्याने लिहिले होते.

शुभाशुभ वेळांचा अतिरेक होऊन मनात भय उत्पन्न होऊ नये, हेही खरे. वैद्यकीय उपचार, परीक्षा, प्रवास अशी निकडीची कामे वेळेवरच करावीत. पंजी मुख्यतः स्मरण देण्यासाठी आहे. पितरांचे स्मरण, भूमीचे स्मरण, पहिल्या अपत्याचे, नव्या धान्याचे आणि श्रीयेच्या स्वच्छ अंगणाचे स्मरण.

यात्रेकरूंसाठी सूचना

१. पुरीची यात्रा ठरवताना उत्सवाची तिथी आपल्या पंचांगासोबत ओडिया पंजीतूनही विचारून घ्यावी. वद्य पक्षात महिन्याचे नाव वेगळे असेल, हे ध्यानात ठेवावे.

२. ज्येष्ठ पौर्णिमेच्या स्नानयात्रेनंतर सुमारे पंधरा दिवस ‘अणसर’ काळ असतो. त्या वेळी मुख्य मूर्तींचे दर्शन होत नाही. अनेक भाविक तेव्हा ब्रह्मगिरी येथील अलारनाथाचे दर्शन घेतात.

३. आषाढी एकादशीस पंढरपुरात वारकऱ्यांचा मेळा भरतो, त्याच तिथीस पुरीत सिंहद्वारापुढे रथांवरील देवांना सुवर्णालंकार चढवितात. यास ‘सुना वेश’ म्हणतात. ज्यांना पंढरीस जाणे शक्य नाही व जे पुरीत आहेत, त्यांनी हे दर्शन अवश्य घ्यावे.

४. ओडिया कुटुंबात अतिथी म्हणून गेल्यास मार्गशीर्षातील गुरुवारी काढलेल्या झोटीवर पाय पडू देऊ नये. मांसाहाराचा विषयही त्या दिवशी टाळावा.

५. पुरी अथवा कटकच्या बाजारात पंजी सहज मिळते. लिपी वाचता न आली तरी एक प्रत प्रसादासारखी आणावी व जाणकाराकडून वाचून घ्यावी.

समारोप

नागपूरकर भोसल्यांच्या काळी, १७५१ ते १८०३ या अवधीत, ओडिशा मराठ्यांच्या अमलाखाली होता व श्रीमंदिराची व्यवस्थाही त्यांच्याकडे होती. इतका जुना संबंध असूनही शेजारच्या भाविकाचा महिना कसा मोजतात, हे आमच्या कार्यालयास एका वृद्ध मातेने बोट ठेवून दाखवावे लागले. तेव्हापासून कार्यालयात आपल्या पंचांगाशेजारी ओडिया पंजीही ठेवलेली असते. परप्रांतीय भाविकाने एखाद्या दिवसाचा उल्लेख केला आणि तो आपल्या पंचांगाशी जुळला नाही, तर “आपली मोजणी कोणती?” असे आधी विचारावे, अशी सूचना सेवकवर्गास दिली आहे. मापटेही कोठीत वेगळे काढून ठेवले आहे. त्रिपुरी पौर्णिमेनंतरच्या गुरुवारी कोणी मातोश्री ते मागावयास आल्या, तर त्यांना थांबावे लागणार नाही.

सर्व भाविकांची यात्रा सुखरूप होवो, ही श्रीचरणी प्रार्थना.

इति शुभम्।